‘नुसता खेळच तर होता!’



गेल्या पावसाळ्यात एक तरुण जोडपे बाळाच्या बाप्तिस्म्याची तारीख ठरवायला माझ्याकडे आले होते. दोघे शेजारी शेजारी बसले, पण एकमेकांकडे बघत नव्हते. कोणता रविवार, असे विचारले तर तो म्हणे, ‘तिला विचारा, फादर’; ती म्हणे, ‘त्यालाच विचारा.’ मी रजिस्टर मिटून ठेवले आणि चहा सांगितला. चहाबरोबर हळूहळू सगळे बाहेर आले. (पुढे लिहितो आहे ते दोघांना विचारून आणि ओळख पटेल असे तपशील बदलून. पापनिवेदनातले यात काही नाही, हे सांगायला नकोच.)

भांडण सासूवरून नव्हते, पैशावरून नव्हते. तो मोबाइलवरच्या खेळात हरला होता, त्यावरून होते.

तीन दिवसांपूर्वी रात्री दहाच्या सुमारास त्याने कानातले इअरफोन ओढून पलंगावर फेकले आणि भिंतीकडे तोंड करून बसला. जेवण वाढलेले होते. बाळ नुकतेच झोपले होते. तिने विचारले, ‘काय झालं?’ तो म्हणाला, ‘हरलो.’ ती हसली. तिच्या म्हणण्याप्रमाणे ते हसणे चिडवण्याचे नव्हते, सुटकेचे होते. तिला वाटले होते की नोकरीचे काही झाले की काय. मग ती म्हणाली, ‘अरे, नुसता खेळच तर होता! लहान मूल आहेस का तू?’ तो म्हणाला, ‘तुला नाही कळणार.’ त्यानंतर तीन दिवस घरात फक्त बाळाचा आवाज.

मी तिची बाजू घेणार, असे दोघांनाही वाटले असावे. माझ्याही तोंडावर तेच आले होते. पण तिने एक प्रश्न विचारला आणि मला थांबावे लागले. ती म्हणाली, ‘फादर, तो हरला याचं मला खरंच काही वाईट वाटत नाही. मग वाईट वाटल्यासारखं दाखवायचं का? तो खोटेपणा नाही का?’

प्रश्न चांगला आहे. सेमिनरीत तत्त्वज्ञान शिकताना आम्ही यापेक्षा कमी महत्त्वाच्या प्रश्नांवर तासन्‌तास घालवले आहेत. आपल्याला जे दुःख लहान वाटते त्या दुःखात सोबत करायची, तर कशी? आणि प्रामाणिक राहून करता येते का?

आधी लहान-मोठ्याचे बघू. १९ नोव्हेंबर २०२३ आठवतो? रविवार होता. अहमदाबादला भारत विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात ऑस्ट्रेलियाकडून सहा गडी राखून हरला. त्या रात्री आपल्या गावात कशी शांतता होती! कोणाच्या घरी जेवण तसेच राहिले, कोणी दुसऱ्या दिवशी कामावर गप्प गप्प होता. मोठमोठ्या माणसांचे डोळे ओले झालेले मी पाहिले. त्यांना कोणी ‘लहान मूल आहेस का’ असे विचारले नाही. जो खेळ आपण खेळलोच नाही, नुसता पाहिला, त्यातल्या हारीचे दुःख आपण मानाने मिरवतो; आणि जो स्वतः खेळून हरला त्याला हसतो. मोबाइलवरचा असला म्हणून का? मला याचे समाधानकारक उत्तर सापडलेले नाही.

ही गंमत संत अगस्टीनच्याही ध्यानात आली होती. चौथ्या शतकाच्या अखेरीस लिहायला घेतलेल्या ‘कबुलीजबाबा’त तो आपल्या लहानपणाबद्दल सांगतो. चेंडू खेळण्यात वेळ घालवला म्हणून शिक्षक त्याला मारत. पण तेच शिक्षक एखाद्या क्षुल्लक वादात दुसऱ्या शिक्षकाकडून हरले की रागाने आणि मत्सराने इतके जळत, जितका चेंडूच्या खेळात सवंगड्याकडून हरल्यावर अगस्टीनही जळत नसे. मोठ्यांच्या खेळाला कामधंदा म्हणतात, एवढाच फरक, असे तो सुचवतो. म्हणजे अगस्टीन खेळाला मोठे करत नाही. आपण ज्याला मोठे समजतो त्याचे माप तो आपल्याला पुन्हा घ्यायला लावतो.

आता तो तरुण नेमके काय हरला, ते मी त्यालाच विचारले. तरुण वाचकांना हे ठाऊक असेल, वडीलधाऱ्यांसाठी सांगतो. खेळाचे नाव बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, मुले त्याला बीजीएमआय म्हणतात. सरकारने सप्टेंबर २०२० मध्ये पबजीवर बंदी घातल्यावर जुलै २०२१ मध्ये तो आला. २०२२ मध्ये तोही बंद पडला होता, मे २०२३ मध्ये परत सुरू झाला. एका सामन्यात शंभरपर्यंत खेळाडू एका बेटावर उतरतात. चौघांची एक तुकडी, म्हणजे पंचवीस तुकड्या. जिंकणार एकच. एक सामना अर्धा तासही चालतो. हिशेब कोणीही करावा: प्रत्येक सामन्यात चोवीस तुकड्या हरतातच. शिवाय खेळाडूला गुणांप्रमाणे पायऱ्या असतात: ब्राँझ, सिल्व्हर, गोल्ड आणि वर बऱ्याच. वर चढावे तसे समोरचेही तयारीचे भेटू लागतात आणि लवकर बाद झाले की मिळालेले गुण कापले जातात. काही आठवड्यांचा एक हंगाम असतो. तो संपला की पायरी पुन्हा खाली घसरते. यात पोहोचल्याचे समाधान फार काळ टिकूच नये, अशी रचना आहे. खेळ बनवणाऱ्यांना माणसाचा स्वभाव चांगला कळलेला दिसतो. कधी कधी आम्हा धर्मगुरूंपेक्षा जास्त.

हंगाम संपायला दोन दिवस होते. याला वरच्या पायरीवर जायला थोडेच गुण हवे होते. त्या रात्री सलग चार सामन्यांत त्याची तुकडी लवकर बाद झाली आणि हाताशी आलेली पायरी गेली. शेवटच्या सामन्यात चूक त्याची होती. या खेळात खाली पडलेला खेळाडू लगेच संपत नाही. तो गुडघ्यांवर रांगत राहतो, त्याचे बळ ओसरत जाते. तुकडीतला कोणी येऊन दहाएक सेकंद त्याच्यापाशी बसला तर तो पुन्हा उभा राहतो. त्या दहा सेकंदांत वाचवणाऱ्याच्या हातात बंदूक नसते, तोही उघडा असतो. (हे ऐकताना मला आयते प्रवचन मिळाले, हे माझ्या लक्षात आले. पण मोह आवरतो.) याचा मित्र पडला होता. हा जवळच एका भिंतीआड होता. घाबरला आणि गेला नाही.

‘तो मित्र म्हणजे कोण?’ मी विचारले.

‘शाळेपासूनचा, फादर. आता पुण्याला असतो. एक बंगळूरला, एक इथेच पण रात्रपाळीला. आम्ही चौघं भेटतो कुठे? तिथेच भेटतो.’ जरा थांबून म्हणाला, ‘त्याने काही म्हटलं नाही. नुसता म्हणाला, जाऊ दे. तेच जास्त लागलं.’

त्याची बायको त्याच्याकडे बघू लागली. तीन दिवसांत ही गोष्ट तिला ठाऊकच नव्हती. तिने विचारली नव्हती आणि त्याने सांगितली नव्हती. तिला वाटत होते की तो काही आकडे हरला. तो दुःखी होता ते मित्राजवळ गेला नाही म्हणून.

अर्थात दर वेळी हारीच्या मागे असे काही दडलेले असेलच असे नाही. कित्येकदा माणूस नुसता हरलेला असतो आणि त्याचा अहंकार दुखावलेला असतो. माझेच सांगतो. रात्री जेवणानंतर मी मोबाइलवर बुद्धिबळ खेळतो. तिथे गुणांवरून तोलामोलाचा प्रतिस्पर्धी शोधून दिला जातो, म्हणजे साधारण निम्मे डाव हरणे ठरलेलेच. हे मला डोक्याने कळते. तरी एका रात्री जिंकत आलेला डाव वजीर फुकट देऊन घालवला आणि दुसऱ्या दिवशी पहाटेच्या मिस्सेआधी, मेणबत्ती उशिरा लावली म्हणून आमच्या सॅक्रिस्टन काकांवर खेकसलो. त्यांना बिचाऱ्यांना काय माहीत, वजीर कोणी मारला! माझ्या त्या दुःखामागे कोणी मित्र नव्हता, खोल काही नव्हते. तरी ते दुःख होतेच.

म्हणून तिचा प्रश्न तसाच उरतो. कारण खरोखरच क्षुल्लक असेल तर काय?

एपिक्टेटस नावाचा स्टोइक तत्त्ववेत्ता होता, जन्माने गुलाम. त्याच्या शिकवणुकीची एक लहानशी पुस्तिका त्याच्या शिष्याने तयार केली. तीत तो सांगतो की कोणी रडताना दिसला तर त्याच्याशी सहानुभूतीने बोलायला मागेपुढे पाहू नका, वेळ आली तर त्याच्याबरोबर उसासाही टाका. मात्र आतून उसासा टाकू नका. त्याचे म्हणणे असे की माणसाला घटना रडवत नाही, घटनेविषयीचे त्याचे मत रडवते. ते मत तुम्ही का घ्यावे? विद्यार्थी असताना मला हे फार शहाणपणाचे वाटले होते. आता वाटत नाही. बाहेरून उसासा आणि आतून कोरडे, हे ज्याच्याशी एका छपराखाली राहायचे त्याच्याशी करून बघा. दोन दिवसांत ओळखले जाते. आमच्या या भगिनीला ज्याची भीती वाटत होती तो खोटेपणा हाच.

संत थॉमस अक्वायनसने ‘सुम्मा थिऑलॉजिए’ या ग्रंथात दुःखावरच्या उपायांची चर्चा केली आहे. उपाय पाच: आनंद देणारी एखादी गोष्ट, अश्रू, मित्रांची सहानुभूती, सत्याचे चिंतन आणि, नवल वाटेल, झोप व स्नान. एवढा मोठा विद्वान, पण हरून आलेल्या माणसाला आधी अंघोळ करू द्या, झोपू द्या, हे त्याला कळत होते. आपल्या आयांनाही कळते.

यातल्या तिसऱ्या उपायाशी तो थांबतो. मित्राने सोबत दुःख केले तर आपले दुःख हलके का होते? त्याने तर वाढायला हवे. आता दोन माणसे दुःखी झाली! ॲरिस्टॉटलने हा प्रश्न विचारून मोकळा सोडला होता. थॉमस दोन कारणे देतो. पहिले असे की दुःख ओझ्यासारखे असते. दुसऱ्याने हात लावला की हलके वाटते. दुसरे कारण तो अधिक चांगले मानतो: मित्र आपल्यासाठी दुःखी झालेला पाहून आपल्यावर कोणाचे तरी प्रेम आहे हे माणसाला दिसते, आणि त्याचाच त्याला आनंद होतो.

या दुसऱ्या कारणात मला आपल्या प्रश्नाचे उत्तर दिसते. पहिले कारण खरे धरले तर बायकोने हारीचे ओझे उचलायला हवे, म्हणजे तिलाही ती पायरी गेल्याचे वाईट वाटायला हवे. ते तिला जमणार नाही आणि जमवण्याची गरजही नाही. दुसऱ्या कारणाप्रमाणे तिचे दुःख पायरीसाठी नसते, त्याच्यासाठी असते. ‘तू हरलास याचं मला वाईट वाटतं’ हे ती कदाचित खरेपणाने म्हणू शकणार नाही. ‘तुला वाईट वाटतंय याचं मला वाईट वाटतं’ हे तर म्हणू शकते? मी तिला तेवढेच विचारले. ती म्हणाली, ‘हो. तीन दिवस तेच तर वाटतंय.’ मग खोटेपणा कुठे आला?

याची एक दुसरी बाजू आहे आणि ती आपण सहसा विसरतो. जोडीदाराला बरे वाटावे म्हणून खऱ्याचे खोटे करायचे नाही. ‘तू उत्तम खेळलास, तुझे मित्रच बेकार’, ‘समोरच्याने नक्की लबाडी केली असेल’ अशी मलमपट्टी पुष्कळ प्रेमळ माणसे करतात. ती मला पटत नाही. घरातल्या एकाला बरे वाटावे म्हणून जो समोर नाही त्याला आपण वाईट ठरवतो. त्यातून पुढच्या हारीसाठी दोषी शोधायची सवय लागते. या तरुणाला तर त्याने जखमच झाली असती, कारण चूक आपली होती हे त्याला पक्के ठाऊक होते. तसेच ‘तू असं खेळायला हवं होतंस’ हेही नको, निदान त्या रात्री नको. दिवंगत पोप फ्रान्सिस यांनी कुटुंबावरील ‘आमोरिस लेतिसिया’ या २०१६ च्या पत्रात लिहिले आहे की पुष्कळदा पतीला किंवा पत्नीला आपल्या अडचणीवर तोडगा नको असतो, कोणी ऐकून घ्यावे एवढेच हवे असते.

मग चूक कधीच दाखवायची नाही का? दाखवायची. पवित्र शास्त्रात योनाचे पुस्तक आहे. माशाच्या पोटातला योना सर्वांना माहीत असतो. शेवटचा अध्याय फारसे कोणी वाचत नाही. निनवे शहर वाचले म्हणून योना रुसून शहराबाहेर जाऊन बसतो. देव त्याच्या डोक्यावर तुंबीचा वेल वाढवतो. योना खूश. दुसऱ्या दिवशी वेल किडीने सुकतो, ऊन लागते, आणि एवढा मोठा संदेष्टा म्हणतो की आता मरण आले तर बरे. एका वेलासाठी! जगात कोणाचे दुःख क्षुल्लक असेल तर ते हे. देव त्याच्यावर हसत नाही, त्याला टाकूनही जात नाही. तो विचारतो: या वेलासाठी तुला इतका राग येणे बरोबर आहे का? योना तोऱ्यात उत्तर देतो, तेही देव ऐकून घेतो. मग वेलाकडून तो त्याला निनवेतल्या लाखावर माणसांकडे नेतो, तेही पुन्हा प्रश्न विचारूनच. पुस्तक त्या प्रश्नावरच संपते. योनाचे माप चुकलेले आहे हे देव लपवत नाही. मात्र दुःख करणाऱ्याशी बोलणे सोडून तो ते सांगत नाही.

सोबत करणे म्हणजे मार खाणे नव्हे, हेही स्पष्ट सांगितले पाहिजे. हरल्याचा राग भांड्यांवर, मुलांवर, बायकोवर निघत असेल तर तिथे सहानुभूतीचा प्रश्न उरत नाही. ‘तुझं दुःख मला समजतं, पण या आवाजात माझ्याशी बोलायचं नाही’ हे म्हणणे प्रेमाला सोडून नाही. हात उगारला जात असेल तर गप्प राहू नका. आई-वडिलांना सांगा, आम्हाला सांगा, गरज पडली तर पोलिसांना सांगा. पैसे लावून खेळण्याची गोष्टही निराळी. अशा ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने केला आहे. तिथे हार म्हणजे घरातला पगार असतो. आणि खेळण्यावर ताबाच राहिलेला नाही, झोप, नोकरी, घर सगळे त्यामागे पडले आहे आणि हे महिनोन्‌महिने चालले आहे, असे असेल तर जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीत त्याला जागा आहे. तिथे डॉक्टर हवा. पण आठवड्यातून दोन रात्री मित्रांबरोबर खेळणारा माणूस हरून उदास झाला, तर तो आजारी नाही आणि पापीही नाही. संत थॉमस तर योग्य मापातल्या खेळाला सद्‌गुणात धरतो आणि जो स्वतः हसत-खेळत नाही व इतरांनाही खेळू देत नाही त्याला दोष देतो. काही धर्मगुरूंना हे वाचून बरे वाटणार नाही.

त्या तरुणालाही मी एक गोष्ट सांगितली. ‘तुला नाही कळणार’ हे वाक्य दार लावून घेण्याचे आहे. तिला कळले नव्हते हे खरे, पण त्याने सांगायचा कंटाळा केला हेही खरे. तीन दिवस ती दाराबाहेर उभी होती. हरलेल्याला सोबत हवी असेल तर त्याने निदान एवढे म्हणावे की आत्ता बोलावेसे वाटत नाही, जरा वेळाने बोलू. तो मान खाली घालून ऐकत होता. पटले की नाही, कळले नाही. बाप्तिस्म्याचा रविवार मात्र ठरला.

बाप्तिस्म्याच्या दिवशी ती मला सॅक्रिस्टीत भेटली. म्हणाली, ‘फादर, परवा परत हरला.’

‘मग?’

‘मी ताट वाढलं आणि शेजारी बसले. काही बोलले नाही. थोड्या वेळाने म्हणाला, आज पण माझंच चुकलं. मी विचारलं, कुठे चुकलं? मग पाऊण तास सांगत होता. इथून गोळी आली, तिथे गाडी होती, मी असा वळलो...’ ती हसू लागली. ‘फादर, काय सांगू, इतकं कंटाळवाणं होतं! मला त्यातलं अर्धंसुद्धा कळलं नाही.’

बाहेर बाळाला घेऊन धर्मपिता उभा होता. आदल्या रात्रीच्या गाडीने पुण्याहून आला होता.